तोंडी नकाराला अपील नसतं

पोरी,

तुझा निरोप दोनदा वाचला. आजोबा गेले, बाबा थकले, कूळकायद्याच्या कलम ३२-गचं, म्हणजे कुळाने जमीन घेण्याची किंमत ठरवायचं प्रकरण तहसील कार्यालयात तसंच पडून आहे आणि दलाल रोज फोन करतोय. जमीन राखावी की नाही, हे मी तुला सांगायची गरज नाही. कुळाची नात आहेस तू.

मला खटकलं ते तुझं दुसरंच वाक्य. "साहेब म्हणाले, हे आता होणार नाही." कुठे म्हणाले? कोणत्या कागदावर? जावक क्रमांक काय? तोंडी नकाराला अपील नसतं. लेखी आदेश विरोधात गेला तरी चालेल, साठ दिवसांत वर जाता येतं, पुढे महसूल न्यायाधिकरण आहे. आदेशच नसेल तर तू भांडणार कशाविरुद्ध?

जमिनीच्या मालकीणबाई विधवा होत्या, म्हणून १ एप्रिल १९५७ ला इतर कुळं मानीव खरेदीदार झाली, म्हणजे कायद्यानेच त्यांनी जमीन विकत घेतली असं धरलं गेलं, तेव्हा तुमचा हक्क पुढे ढकलला गेला. अशा कुळाने कलम ३२-फप्रमाणे मुदतीत मालकाला आणि शेतजमीन न्यायाधिकरणाला खरेदीचा इरादा कळवायचा असतो. पणजोबांनी तशी नोटीस दिली होती का? घरातले सगळे जुने कागद उलथेपालथे कर. साहेब बहुधा त्यावरच बोट ठेवतायत. ठेवू देत, पण तसं लिहून देऊ देत!

कुळाला मिळालेली जमीन विकायला सरकारची परवानगी लागते, त्या कलम ४३ वर तू चिडलीस. आपल्याच जमिनीला परवानगी कशाला, म्हणतेस. मला हे पटत नाही. अलिबागजवळच्या चरी गावच्या शेतकऱ्यांनी १९३३ पासून खोतांविरुद्ध संप करून वर्षानुवर्षं शेतं ओस ठेवली, उपास काढले, तेव्हा कुठे कसणाऱ्याच्या हक्काची भाषा सरकारदरबारी पोचली. मिळालेली जमीन पुन्हा सावकाराच्या घशात जाऊ नये म्हणून ते बंधन आहे. २०१४ पासून तर दहा वर्षांनंतर शेतसाऱ्याच्या आकारणीच्या चाळीसपट नजराणा सरकारला भरला की पूर्वपरवानगीही लागत नाही. पण ही दहा वर्षं व्यवहारात कलम ३२-मच्या खरेदी प्रमाणपत्रापासून धरतात. किंमतच ठरवली नाही तर प्रमाणपत्र कुठलं आणि दहा वर्षं कुठली? माझा राग या दिरंगाईवर आहे. ज्या कायद्याने कुळाला मालक करायचं, त्याच्याच फायलीखाली तीन पिढ्या दबून जातात.

दलालाचं ऐकू नकोस. तो हक्कसोडाचं बोलत असेल, तर हक्कसोड सहहिस्सेदाराच्या नावे होते, त्याच्या नाही. त्याला तुझ्याकडून कुलमुखत्यारपत्र हवंय. कलम ४३ मोडून केलेला व्यवहार अवैध ठरतो, आणि निस्तरावं तुला लागेल.

माझे भाऊ मला हट्टी म्हणायचे. शेजाऱ्यांनी मुंबईकरांना जमिनी दिल्या, घरं बांधली; मी अर्ज, स्मरणपत्रं आणि पोच यांतच राहिलो. मुलीच्या शिक्षणाला कर्ज काढलं, पण कोऱ्या कागदावर सही केली नाही. प्रमाणपत्र हातात आलं तेव्हा वडील नव्हते, ती सल जात नाही. घरातल्यांनी सोसलं, हेही खरं. तरीही मी बरोबरच वागलो असं आज ठामपणे सांगतो, कारण प्रत्येक नकार मी लेखी मागितला आणि त्या कागदांवरच वर निकाल फिरला.

आधी आजोबांच्या जागी वारस लावून घे, नाहीतर प्रकरण तिथेच अडेल. जुना हस्तलिखित सात-बारा काढ, इतर हक्कात कुळाचं नाव आहे का बघ. रोजनाम्याची, म्हणजे प्रकरणात कोणत्या तारखेला काय झालं त्या नोंदींची, प्रमाणित नक्कल माग. अर्ज दोन प्रतींत बारनिशीत, म्हणजे कार्यालयाच्या आवक-जावक टेबलावर दे. शिक्का मारायला नाही म्हणाले तर वाद घालत बसू नकोस, स्पीड पोस्टाने पाठव आणि पावती जप. रोजनामा मिळाला की फोटो काढून मला पाठव; शेवटची तारीख कशासाठी पडली होती ते बघू आणि पुढचा अर्ज मिळून लिहू.

तुझा,
काका