खेळांची कुळे आणि शाळेचे मैदान : वाचकांच्या प्रश्नांना उत्तरे

प्रश्न : आमच्या वार्षिक नियोजनात दर महिन्याला एक खेळ असतो. जुलैत कबड्डी, ऑगस्टमध्ये व्हॉलीबॉल, असे. आता प्रशिक्षणात ‘समान खेळांच्या गटांतून शिकवा’ असे सांगण्यात आले. म्हणजे नेमके काय बदलायचे? (माध्यमिक शिक्षिका, सातारा जिल्हा)

घटक खेळाच्या नावावरून न आखता त्या खेळात मुलासमोर कोणता पेच उभा राहतो त्यावरून आखायचा, एवढाच मूळ बदल आहे. या विचाराची मांडणी १९८२ मध्ये इंग्लंडमधील लफबरो येथे डेव्हिड बंकर आणि रॉड थॉर्प यांनी केली. मुले रांगेत उभी राहून पास देण्याचा सराव नीट करतात, परंतु सामना सुरू झाला की तो पास केव्हा आणि कोणाला द्यायचा हे त्यांना सुचत नाही, ही त्यांना जाणवलेली अडचण आपल्याकडच्या कोणत्याही शाळेच्या मैदानावर आजही दिसते.

सर्वसाधारणपणे चार कुळे मानली जातात. फुटबॉल, हॉकी, हँडबॉल, बास्केटबॉल या आक्रमणाच्या खेळांत प्रतिस्पर्ध्याच्या प्रदेशात शिरून गोल किंवा बास्केट करायची असते. बॅडमिंटन, व्हॉलीबॉल, टेनिकॉइट (जाळीवरून रिंग फेकण्याचा खेळ) यांत जाळीपलीकडची मोकळी जागा हेरायची असते. क्रिकेट, सॉफ्टबॉल आणि आपला विटीदांडू यांत फटका क्षेत्ररक्षकांच्या मधून काढायचा असतो. तर तिरंदाजी किंवा गोट्या यांत नेम हाच खेळाचा गाभा असतो. फुटबॉलमध्ये पास दिल्यावर जागेवर न थांबता मोकळ्या जागेत धावायचे, हे एकदा उमगलेले मूल हँडबॉलमध्येही तसेच धावते. मात्र पायाने चेंडू मारण्याचे कौशल्य हाताने फेकण्यात आपोआप उतरत नाही. समज पुढच्या खेळात जाते, हालचालीचे तंत्र त्या त्या खेळापुरते पुन्हा शिकवावेच लागते, आणि हा फरक ध्यानात ठेवला तर या पद्धतीकडून अवाजवी अपेक्षाही राहत नाहीत.

प्रश्न : या चार गटांत खो-खो, आट्यापाट्या, लंगडी कुठेच बसत नाहीत. मग आमच्या मुलांचे हे खेळ नियोजनातून बाहेर काढायचे का? (क्रीडाशिक्षक, धाराशिव जिल्हा)

मुळीच काढू नयेत. आपल्याकडच्या शिक्षकाने या खेळांसाठी पाठलाग आणि हुलकावणीचे स्वतंत्र पाचवे कूळ बिनदिक्कत मानावे, असे माझे स्पष्ट मत आहे, कारण या खेळांना बांधणारा धागा बाकीच्या चार कुळांइतकाच पक्का आहे. यांतील प्रत्येक खेळात एका बाजूच्या गड्यावर नियमाने एक बंधन घातलेले असते, आणि ते बंधन ओळखून त्याचा फायदा उठवणे हेच समोरच्याचे डावपेच असतात. लंगडीत पकडणारा एका पायावर असतो. आट्यापाट्यात अडवणारा आपापल्या पाटीला बांधलेला असतो. खो-खोत पाठलाग करणाऱ्याला एकदा घेतलेली दिशा खांबापर्यंत बदलता येत नाही आणि मधली पाटी ओलांडता येत नाही. पळणारा मात्र बसलेल्या दोन गड्यांमधून सहज पलीकडे जातो. कबड्डीत चढाई करणाऱ्याला श्वास न तोडता ‘कबड्डी’चा उच्चार चालू ठेवून परत यावे लागते आणि चढाईला ३० सेकंदांची मर्यादा असते.

हे वर्गात कसे आणायचे ते खो-खोच्या एका उदाहरणाने सांगतो. पाचवीच्या मुलांसाठी आठांऐवजी चारच गडी एकाआड एक विरुद्ध दिशांना तोंड करून बसवावेत आणि पाठलाग करणाऱ्याला प्रथम कुठेही वळण्याची मुभा द्यावी. पळणारी मुले भराभर बाद होतील. मग दिशेचा नियम लागू करावा. दोन-तीन डावांतच एखादी मुलगी वेगाने पळणे सोडून पाठलाग करणारा जवळ येईपर्यंत थांबते आणि शेवटच्या क्षणी त्याच्या मागच्या बाजूला सरकते. खेळ तिथेच थांबवून तिला विचारावे, ‘तू पळाली का नाहीस?’ ‘त्याला मागे फिरता येत नाही ना, सर,’ हे तिच्या तोंडून आलेले उत्तर शिक्षकाने फळ्यावर लिहिलेल्या दहा सूचनांपेक्षा मोलाचे असते. पुढचा प्रश्न असा : बसलेल्यांपैकी कोणाचे तोंड तुझ्याकडे आहे? खो मिळताच तोच तुझ्या अंगावर येणार, हे तिला आता दिसू लागते. मोठ्या वर्गांना २०२२ मध्ये बालेवाडीत सुरू झालेल्या अल्टिमेट खो-खो लीगमधील ‘वजीर’ या गड्याचे उदाहरण द्यावे. वजिराला दोन्ही दिशांना धावण्याची मोकळीक असते, आणि त्या एका सवलतीने पळणाऱ्याचे सारे गणित कसे बदलते यावर मुले स्वतःहून चर्चा करतात.

कबड्डीबाबत एक गोष्ट वेगळी नोंदवायला हवी. तिची चढाई या पाचव्या कुळातली असली, तरी तिचा बचाव, म्हणजे साखळी धरणे, कोपऱ्यातल्या गड्याने पुढे सरसावणे आणि बाकीच्यांनी त्याला साथ देणे, हा आक्रमणाच्या खेळांतील सांघिक बचावाच्या अधिक जवळ जातो. म्हणून हँडबॉलचा बचाव शिकवताना कबड्डीच्या पकडीची आठवण मुलांना अवश्य करून द्यावी.

प्रश्न : वर्गात साठ मुले, तासिका पस्तीस मिनिटांची, चेंडू चारच. हे सगळे जमणार कसे? (शिक्षक, नाशिक जिल्हा)

ही अडचण खरी आहे आणि ती मुलांच्या वाट्याला येणाऱ्या खेळावर थेट घाला घालते, म्हणून तिचे उत्तर मैदानाच्या आखणीत शोधावे लागते. मोठे मैदान एकच न ठेवता फक्कीने लहान लहान पट्ट्या आखाव्यात. ज्या कुळांना साहित्य लागत नाही, म्हणजे पाठलागाचे खेळ, त्यांत निम्मा वर्ग गुंतवावा आणि उरलेल्यांना चार चेंडू वाटून तीन विरुद्ध तीन किंवा चार विरुद्ध चार असे खेळवावे. अर्ध्या तासिकेनंतर अदलाबदल करावी. अकरा-अकराच्या सामन्यात मुले मधमाश्यांसारखी चेंडूभोवती घोंघावतात आणि निम्म्यांचा पाय चेंडूला लागतच नाही. तीन-तीनच्या खेळात कोणालाही लपता येत नाही.

जाळीच्या कुळासाठी तर दोन खांबांना बांधलेली लांब दोरी पुरते. पट्टी मुद्दाम अरुंद आणि लांब आखावी. डावी-उजवीकडे जागाच नसल्याने रिंग कधी मागच्या रेषेजवळ तर कधी दोरीलगत टाकली तरच गुण मिळतो, हे सहावीतल्या मुलांनाही थोड्याच वेळात कळते. एखादा पेच असा ठळक करून दाखवणे हा बंकर आणि थॉर्प यांच्या पद्धतीतील महत्त्वाचा भाग आहे, आणि त्याला फक्कीपलीकडे काहीही खर्च येत नाही.

प्रश्न : पालक आणि मुख्याध्यापक तालुकास्तरावरच्या विजयाकडे पाहतात. तंत्राचा सराव कमी केला तर संघ मागे पडणार नाही का? (क्रीडाशिक्षिका, कोल्हापूर)

तंत्राचा सराव काढून टाका असे ही पद्धत सांगत नाही. तो कधी घ्यायचा एवढेच ती बदलते. आधी खेळ, त्यातून अडचण, मग त्या अडचणीपुरता सराव आणि पुन्हा खेळ, असा तिचा क्रम आहे. रिंग मागच्या रेषेपर्यंत पोहोचतच नाही हे अनुभवलेल्या मुलाला फेकीचा सराव हवाच असतो, आणि तो मन लावून करतो. शाळेच्या संघाचा सराव मात्र वेगळ्या वेळी आणि वेगळ्या तीव्रतेने व्हावा. तासिका वर्गातल्या प्रत्येक मुलाची आहे, निवडलेल्या बारा जणांची नव्हे, हे मुख्याध्यापकांसमोर ठामपणे मांडायला हवे.

प्रश्न : मुले क्रिकेटशिवाय काही मागतच नाहीत. (शिक्षक, ठाणे)

क्रिकेट द्यावे, पण त्याच्या कुळातून. प्रत्येक फलंदाजाला ठरावीक चेंडू मिळतील, फटका दोन शंकूंच्या मधून गेला तरच धाव मोजली जाईल आणि संघात सहाहून अधिक मुले नसतील, असे नियम करावेत. पाच मिनिटांनी बॅटऐवजी विटीदांडू हाती द्यावा. क्षेत्ररक्षक कुठे नाहीत हे आधी पाहायचे, ही गोष्ट दोन्हीकडे तीच आहे.

प्रश्न : मूल्यमापनात गुण कशाला द्यायचे? धावण्याची वेळ आणि उडीचे अंतर मोजता येते, समज कशी मोजणार? (शिक्षिका, नागपूर)

१९९८ मध्ये ऑस्लिन, मिचेल आणि ग्रिफिन यांनी प्रत्यक्ष खेळातील कामगिरी नोंदवण्याचे एक साधन मांडले. त्यात निर्णय, कौशल्याची अंमलबजावणी, सहकाऱ्याला साथ देणे, प्रतिस्पर्ध्याला रोखणे अशा सात बाबी आहेत. साठ मुलांच्या वर्गात सातही बाबी नोंदवणे शक्य नाही, म्हणून एका घटकासाठी दोनच निवडाव्यात. आक्रमणाच्या खेळात ‘योग्य निर्णय’ आणि ‘साथ’ या दोन रकान्यांचा तक्ता पुरेसा होतो. एका तासिकेत सहाच मुलांकडे पाहावे आणि प्रत्येक प्रसंगाला योग्य किंवा अयोग्य अशी खूण करावी. पास हुकला तरी तो मोकळ्या सहकाऱ्याकडेच दिला होता, तर निर्णयाच्या रकान्यात खूण ‘योग्य’चीच पडेल. दुखापतीमुळे बाहेर बसलेल्या मुलांच्या हाती हाच तक्ता द्यावा, कारण खेळ नीट पाहून नोंद करणे हाही तो समजण्याचा भाग आहे आणि त्या मुलांची तासिकाही त्यामुळे वाया जात नाही.