तणसीचा धूर काळा नसतो

बाबू,

तू कॉम्प्युटरवर आग जोडून बनवलेली क्लिप पाहिली. धानाचे पुंजणे पेटतात, माणसं बादल्या घेऊन पळतात. आग जागेवर नीट बसली आहे, कडाही साफ आहेत. घरच्या कॉम्प्युटरवर एवढं करायला काय लागतं ते मला माहीत आहे. पण तणसीला, धानाच्या पेंढ्याला, काळाकुट्ट धूर? अबे, तू वडशाकडचा पोट्टा! तणस धुमसते तेव्हा धूर पांढरट, दाट, बांधीवर रेंगाळणारा असतो. जाळ धरला की तो विरळ होतो. काळा धूर टायरचा, डिझेलचा. तू कुठली तरी आयती आग उचलून धुऱ्यावर आणून ठेवलीस. वर रात्रीची आग, आणि पळणाऱ्यांच्या तोंडावर उजेड दुपारचा.

सॉफ्टवेअर कोणतं शिकू म्हणतोस. कोणतंही शीक, ती बदलत राहतात. मी सिनेमाच्या ट्रिकसाठी काचेवर डोंगर रंगवायचो, आता माऊस धरतो. आधी बघ. बाकी सगळं नंतर.

फाळक्यांनी १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’च्या आधी कुंडीतल्या वाटाण्याची वाढ थोडी थोडी करून चित्रित केली. पडद्यावर रोप झरझर वाढलं आणि पैसे लावणारा राजी झाला. ट्रिकच ती, पण त्यासाठी त्या कुंडीपुढे रोज बसावं लागलं. ट्रिकवाले बाबुभाई मिस्त्री, त्यांनी १९३७ च्या ‘ख्वाब की दुनिया’त काळ्या दोऱ्यांनी वस्तू हवेत नाचवल्या, लोक त्यांना ‘काला धागा’च म्हणू लागले. दोरा बाजारात सगळ्यांनाच मिळत होता. तो कुठल्या उजेडात दिसतो आणि कुठल्या नाही, हे बघणारा डोळा त्यांच्याकडे होता.

सोळापट लहान घराचं मॉडेल पाडायचं तर सेकंदाला २४ ऐवजी चौपट, ९६ फ्रेमनं शूट करतात, कारण १६ चं वर्गमूळ ४. मग ते पडताना जड वाटतं. पाणी मात्र हा हिशोब मानत नाही. मॉडेल लहान केलं म्हणून थेंब लहान होत नाही, त्यामुळे पुराचं मॉडेल मोठंच बांधावं लागतं. हे कोर्समध्ये सांगतीलही. पण वैनगंगेचा पूर पाहिलेल्याला ते सांगावं लागू नये.

नोकरी लागली की आधी रोटो देतील, म्हणजे फ्रेमागणिक माणूस कापून वेगळा काढायचं काम. एका मिनिटाच्या १४४० फ्रेम, प्रत्येकीत नटाच्या केसांची कड कापायची. कुरकुर करू नको. धावत्या माणसाचा हात कुठे पुसट होतो, केस मानेवर कसे आपटतात, हे तिथेच कळतं. आधी बघ म्हणतो ते हेच.

नावाची आशा धरू नको. एका मोठ्या सिनेमातला पूर माझा होता, नामावलीत मी नव्हतो. निर्माता म्हणाला, पुढच्या वेळी. ती वेळ काही आली नाही. रोवणी, चुरणी, मंडईच्या जत्रेतली नाटकं, सगळं सुटलं. भाऊ अजून टोमणे मारतो. पण बांधी दोघांना पुरणारी नव्हती, हे तो सोयीनं विसरतो. आणि समजा पुरली असती, तरी मी गेलोच असतो. मला हेच काम करायचं होतं. त्याची लाज मी का बाळगू? आई विचारायची, तुझं नाव कुठाय रे. तिला मी तो पूर दाखवायचो. ती म्हणायची, पूर तर आपल्याकडेही येतो. बाप्पा, याहून मोठी शाबासकी मला कुणी दिली नाही.

असो. यंदा दिवाळीनंतर वडशातल्या एखाद्या नाटक कंपनीबरोबर पडद्यामागे राहा. पडदे ओढ, लाइटवाल्याच्या शेजारी बस. तो वीज कशी पाडतो ते बघ. भर नाटकात त्याला रिटेक मिळत नाही.

कोर्सच्या फीसाठी कर्ज काढू नको, बाबांनाही काढू देऊ नको. मुंबईला यायचंच ठरलं तर धान विकल्यावर ये, काही महिन्यांचं भाडं हाताशी ठेवून. सुरुवातीला पगार वेळेवर होत नाहीत. मुक्काम माझ्याकडे कर, पण महिनाभरच. नंतर खोली बघ.