निळे डोळे, काळी मखमल

प्रश्न : बोलपट आल्यावर नामांकित छायालेखकांनाही काम मिळेना, असे वाचनात आले. कॅमेऱ्याला आवाजाशी काय देणेघेणे? (एक वाचक, सांगली)

उत्तर : देणेघेणे होते. सुरुवातीच्या बोलपटांत कॅमेऱ्याची घरघर ध्वनिमुद्रणात येऊ नये म्हणून तो छायालेखकासह बंद खोपटात कोंडला जाई, आणि गुणगुणणारे आर्क दिवे (विजेच्या ठिणगीने उजळणारे प्रखर दिवे) हटवून साधे दिवे वापरावे लागत. हॉलिवूडमधील चिनी वंशाचे छायालेखक जेम्स वाँग हाव (१८९९–१९७६) यांचे उदाहरण बोलके आहे. मूकपटांच्या काळातील फिल्मला निळा रंग जवळजवळ पांढरा दिसे. त्यामुळे मेरी माइल्स मिंटर या अभिनेत्रीचे निळे डोळे पडद्यावर निस्तेज वाटत. हाव यांनी भिंग बाहेर येईल एवढे भोक पाडलेली काळी मखमल कॅमेऱ्याभोवती लावली. तिचे प्रतिबिंब डोळ्यांत पडून ते गडद दिसू लागले, आणि हाव यांना एकाएकी मागणी आली. (मखमलीच्या पडद्याआड लपून छायाचित्रण करणारा चिनी कॅमेरामन, अशी गमतीदार अफवाही पसरली.)

१९२०च्या दशकाच्या अखेरीस ते चीनला जाऊन परतले, तोवर बोलपट रुजले होते आणि ‘ध्वनीचा अनुभव नाही’ या सबबीवर त्यांना नकार मिळू लागला. माझ्या मते ही निव्वळ सबबच होती, कारण १९३१च्या ‘ट्रान्सअटलांटिक’ या बोलपटात त्यांनी विशालकोनी भिंगाने जवळचे आणि दूरचे, दोन्ही स्पष्ट दिसेल असे चित्रण केले. पुढे १९५५ आणि १९६३च्या चित्रपटांसाठी त्यांना ऑस्कर मिळाले.