मुलांना प्राणिसंग्रहालय दाखवायला न्यावं का?

तुम्ही विचारलंय, वन्य प्राण्यांना पिंजऱ्यात ठेवणंच चूक असेल तर मुलांना ते बघायला न्यावं का? माझं उत्तर प्राण्यागणिक बदलतं.

सगळ्यात जास्त गर्दी होते ती पांढऱ्या वाघापुढे. १९५१ साली रीवाच्या महाराजांनी मोहन नावाचा पांढरा बछडा पकडला. नेहमीच्या रंगाच्या वाघिणीपासून त्याला पांढरी पिल्लं होईनात, म्हणून त्याची जोडी त्याच्याच मुलीशी, राधाशी लावली. १९५८ साली पांढरे बछडे जन्मले. पुढेही नात्यातच जोड्या लावत गेले. यातल्या कित्येक वाघांचे डोळे तिरळे असतात. पांढरा वाघ ही काही वेगळी, नामशेष होत चाललेली जात नाही. तो फक्त एक रंग आहे आणि तो टिकवायला बापलेकीची जोडी लावली गेली. याला मी संवर्धन म्हणणार नाही.

हत्तीही तिथे नकोच. कळपाने मैलोन् मैल हिंडणारा जीव तो. हत्तींना प्राणिसंग्रहालयांतून हलवायचं, असं केंद्रीय प्राणिसंग्रहालय प्राधिकरणाने २००९ मध्ये ठरवलं, ते योग्यच होतं.

पण सगळी प्राणिसंग्रहालयं बंद करा, असंही मी म्हणणार नाही. मंगोलियातला रानटी प्रझेवाल्स्की घोडा मोकळ्या माळावरून पार संपला होता. प्राणिसंग्रहालयांत त्याचा वंश उरला, म्हणून १९९२ पासून तो पुन्हा तिथल्या गवतात सोडता आला. आसामातल्या बुटक्या रानडुकराचंही तसंच. १९९६ मध्ये मानसच्या जंगलातून मोजकी सहा पकडली, त्यांची वीण वाढवली आणि २००८ पासून पिल्लं जंगलात जाऊ लागली. आपल्याकडे जुन्नरजवळ माणिकडोहला बिबट निवारा केंद्र आहे. सापळ्यात पाय गमावलेला बिबट्या शिकार कशी करणार? त्याला पिंजरा देणं हे माणसाचं देणंच आहे.

तेव्हा मुलांना न्या, पण घाई करू नका. एकेका प्राण्यापुढे दहा मिनिटं थांबा. तो एकाच वाटेवर येरझाऱ्या घालतोय का, सारखी मान हलवतोय का, ते त्यांना बघू द्या. ही बंदिवासाच्या ताणाची खूण असते. लहानपणी मी एक अस्वल असंच डोलताना पाहिलं होतं. ते नाचतंय, असं आम्हाला वाटलं आणि आम्ही सगळ्या मुलांनी टाळ्या वाजवल्या. त्या टाळ्या मला अजून टोचतात.