माशी बदलायची होती, स्लाइड लेथवाल्याकडे राहिली

प्रश्न : मॅडम, माझ्याकडे स्वसंरक्षणासाठी .३२ बोअरचं परवान्याचं पिस्तूल आहे. पन्नाशी उलटल्यापासून पुढची माशी, म्हणजे नळीच्या टोकाकडचा नेम धरायचा उंचवटा, धूसर दिसते. परदेशात राहणाऱ्या मेहुण्याने सुट्टीवर येताना बॅगेतून चमकणाऱ्या ठिपक्यांच्या दोन साइट (नेम धरायच्या खुणा) आणून दिल्या, एक पुढची, एक मागची. बसवून घ्यायच्या म्हणून पिस्तुलाची स्लाइड, म्हणजे नळीवरचा मागेपुढे सरकणारा भाग, काढून ओळखीच्या लेथवाल्याकडे दिली. त्याने मागची जुनी साइट ठोकून काढली, पण नवी खाचेत बसेना. खाच थोडी घासावी लागेल म्हणाला. तीन आठवडे झाले, स्लाइड त्याच्याकडेच आहे. आता एक मित्र सांगतो, हा गुन्हा आहे, सात वर्षं आत जाशील. परवान्याचं नूतनीकरण चार महिन्यांवर आलं आहे. नुसती साइट बदलणं खरंच गुन्हा आहे का? मी काय करू? (नाव देऊ नये.)

उत्तर : पुढचं सगळं सावकाश वाचा, पण एक काम वाचून होण्याची वाट न बघता करा. मूळ परवाना खिशात घाला, स्वतः लेथवाल्याकडे जा आणि स्लाइड घरी घेऊन या. मुलाला पाठवू नका, त्याच्याकडच्या पोऱ्याला आणून द्यायला सांगू नका. काढलेली जुनी साइटही मागून घ्या. खाचेला कानस लागली नसेल तर लागू देऊ नका. लागली असेल तर आहे तिथेच थांबवा. ही घाई का, ते आता सांगते.

तुमचा प्रश्न साइटचा आहे, पण तुमची अडचण साइटची नाही, स्लाइडची आहे. शस्त्र अधिनियम, १९५९ च्या कलम २ मध्ये 'अग्निशस्त्र' या शब्दाची जी व्याख्या आहे तिच्यात अग्निशस्त्राचे भागसुद्धा येतात. त्यामुळे तुमच्या मनात तुम्ही लेथवाल्याला एक लोखंडी तुकडा दिलात, पण कायद्याच्या लेखी अग्निशस्त्र दिलंत. त्याच्याकडे ते बाळगण्याचा कलम ३ खालचा परवाना नाही आणि दुरुस्तीचा कलम ५ खालचा परवानाही नाही. कलम ५ मधली क्रियापदं ओळीने वाचली की अंगावर येतात : बनवणं, विकणं, हस्तांतर करणं, रूपांतर करणं, दुरुस्त करणं, चाचणी घेणं. यातलं काहीही परवान्याशिवाय करता येत नाही. आणि ही बंदी फक्त धंदा करणाऱ्यांनाच आहे, असं त्या कलमात कुठेही लिहिलेलं नाही.

मित्राने सांगितलेली सात वर्षं इथून आली. कलम ५ मोडून शस्त्र दुरुस्त करणाऱ्याला कलम २५(१)(अ) खाली पूर्वी तीन ते सात वर्षं शिक्षा होती. २०१९ च्या दुरुस्तीने ती किमान सात वर्षं आणि जास्तीत जास्त जन्मठेप झाली. म्हणजे सात वर्षं हा आता वरचा आकडा नाही, खालचा आहे. आणि त्याची पहिली झळ तुमच्याआधी त्या लेथवाल्याला बसते. ओळखीपोटी, बहुधा चहापाण्यावर, त्याने जे काम हातात घेतलं त्याचं हे वजन त्याला ठाऊक असण्याची शक्यता मला शून्य वाटते. तुम्हालाही ठाऊक नव्हतं हे मी मानते. पण परवाना तुमच्या नावावर आहे, म्हणून त्याला यातून सोडवण्याची जबाबदारी तुमची आहे.

"स्लाइड तर माझ्याकडे नव्हतीच," हा बचाव चालेल असं समजू नका. गुणवंतलाल विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या १९७२ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने ताब्याचा अर्थ सांगितला आहे. शस्त्र दुसऱ्याच्या हातात असलं तरी त्यावर तुमची सत्ता, तुमचं नियंत्रण असेल तर तुमचा ताबा सुटत नाही. त्याच निकालात दुसरी बाजूही आहे : ताबा जाणीवपूर्वक असावा लागतो. तुमच्या बाबतीत दोन्ही गोष्टी उघड आहेत. स्लाइड कुठे आहे हे तुम्हाला माहीत आहे आणि मागितली की मिळणार आहे.

आता मूळ प्रश्न. परवान्याच्या पिस्तुलाची साइट बदलणं हा गुन्हा आहे, असं म्हणणारं कलम मी तुम्हाला दाखवू शकत नाही. कलम ६ नळी आखूड करण्याबद्दल, खेळण्यातल्या वा नकली शस्त्राचं खऱ्यात रूपांतर करण्याबद्दल आणि २०१९ पासून एका वर्गाचं शस्त्र दुसऱ्या वर्गात नेण्याबद्दल बोलतं. माशी बदलल्याने यातलं काही होत नाही. .३२ चं पिस्तूल .३२ चंच राहतं, त्याची मारक क्षमता वाढत नाही. व्याख्येत आवाज किंवा ज्वाळा कमी करणाऱ्या जोडसाधनांचा नाव घेऊन उल्लेख आहे, साइटचा नाही. कायदा करणाऱ्यांना कशाची भीती होती हे त्यावरून दिसतं, आणि वेळ आलीच तर हा मुद्दा मी कोर्टात ठामपणे मांडेन.

पण साइट हा पिस्तुलाचा भाग आहे, यातूनही सुटका नाही. इथे वकील मंडळी कलम ४५ कडे धाव घेतात. किरकोळ सुटे भाग बाळगण्याला त्यात सूट आहे, पण ते भाग स्वतःच्या किंवा दुसऱ्या कुणाच्या पूरक भागांसोबत वापरण्याचा इरादा नसेल तरच. तुमचा इरादा तर तुम्हीच मला लिहून कळवला आहे. दोन्ही साइट याच पिस्तुलासाठी आणल्या. म्हणून या कलमाच्या भरवशावर राहू नका. आणि स्लाइडला तर कुठलाही न्यायाधीश 'किरकोळ भाग' म्हणणार नाही.

मग काय चालतं? जी साइट मुळातच स्क्रूने वरखाली किंवा डावीउजवीकडे सरकते, तिचा स्क्रू फिरवून नेम जुळवणं हा शस्त्राच्या नेहमीच्या वापराचाच भाग आहे. साफसफाई, तेलपाणीही तसंच. साइट काढून दुसरी बसवणं मात्र 'दुरुस्ती' या शब्दाच्या इतकं जवळ येतं की घरी करून पाहा, असं मी कुणालाही सांगणार नाही, अगदी हात कितीही कुशल असला तरी. ते काम दुरुस्तीचा परवाना असलेल्या शस्त्र कारागिराचंच. पिस्तूल तुम्ही स्वतः रिकामं करून, गोळ्या घरी ठेवून घेऊन जा. स्वतः जाणं शक्य नसेल तर कलम ३ च्या परंतुकात सोय आहे : दुरुस्तीसाठी किंवा नूतनीकरणासाठी दुसरा माणूस परवानाधारकाच्या लेखी अधिकारपत्रावर शस्त्र नेऊ शकतो. तोंडी निरोप पुरत नाही. कारागिराकडून शस्त्राचा क्रमांक, तारीख आणि केलेलं काम लिहिलेली पावती घ्या. आणि काम सुरू होण्याआधी परवाना अधिकाऱ्याला, म्हणजे आयुक्तालयाच्या हद्दीत पोलीस आयुक्तांना आणि इतरत्र जिल्हादंडाधिकाऱ्यांना, एक साधं पत्र देऊन पोच घ्या. अमुक क्रमांकाच्या पिस्तुलाची साइट दृष्टिदोषामुळे परवानाधारक कारागिराकडून बदलून घेत आहे, एवढंच. उद्या पिस्तूल तपासणीसाठी मांडावं लागलं आणि कुणी विचारलं की हे मूळचं दिसत नाही, तर ते एक पत्र तासभराच्या खुलाशापेक्षा जास्त काम करतं.

लेथवाला हे काम करू शकत नाही, ते फक्त कायद्यामुळे नव्हे. मागची साइट स्लाइडमधल्या तिरक्या कडांच्या खाचेत घट्ट दाबून बसवलेली असते. खाच सैल झाली की गोळीच्या धक्क्याने साइट सरकते. पुढच्या माशीची उंची तर याहून नाजूक. दोन्ही साइटमधलं अंतर १६० मिलिमीटर आणि निशाण १० मीटरवर धरा. माशी अर्धा मिलिमीटर उंच झाली तर गोळी सुमारे तीन सेंटिमीटर खाली लागते. स्वसंरक्षणाचं शस्त्र कुठे मारतं हे मालकाला माहीत नसणं, ही मला कलमांइतकीच गंभीर गोष्ट वाटते.

स्लाइड हातात आली की आधी तिच्यावरचा क्रमांक आणि कारखान्याची खूण बघा. खाच घासताना किंवा ठोकताना पंच (ठोकायची सळई) घसरून एखादा अंक बिघडला असेल तर प्रकरण वेगळ्याच वळणावर जातं. कलम ८ नुसार ओळखखूण खोडणं, काढणं किंवा बदलणं मना आहे. आणि अशी खोडलेली खूण असलेलं शस्त्र ज्याच्याकडे सापडेल त्यानेच ती खोडली असं न्यायालय गृहीत धरतं, उलट सिद्ध होईपर्यंत. सिद्ध करण्याचं ओझं तुमच्यावर येतं. अंक शाबूत असतील तर उजेडात स्वच्छ फोटो काढून ठेवा. एखादा जरी पुसट झाला असेल तर स्वतः कोरून किंवा रंगवून ठीक करायला जाऊ नका. थेट वकिलाकडे जा आणि त्यांच्यामार्फत परवाना अधिकाऱ्याला लेखी कळवा.

मेहुण्याने आणलेल्या साइटचं काय? शस्त्रं भारतात आणायला कलम १० खाली परवाना लागतो आणि व्याख्येमुळे तो भागांपर्यंत पोचतो. शिवाय सीमाशुल्क अधिनियम, १९६२ आहे. प्रवाशाने सामानाची घोषणा करायची असते, आणि मनाई किंवा निर्बंध असलेली वस्तू तशीच आणली तर जप्ती आणि दंड होऊ शकतो. त्या चमकणाऱ्या ठिपक्यांबद्दल एक गोष्ट मेहुण्याला आजच विचारा. ते उजेड साठवणाऱ्या रंगाचे किंवा फायबरचे आहेत, की ट्रिटियमचे? दिवसभर अंधाऱ्या कप्प्यात ठेवूनही रात्री स्वतःहून चमकत असतील तर बहुधा ट्रिटियम. तो किरणोत्सर्गी वायू आहे. साधारण १२ वर्षांत निम्मा होतो. बंद नळीत असताना घाबरण्यासारखं नाही, पण नळीवर हातोडी चालवू नये. आणि मग अणुऊर्जेचा कायदा व किरणोत्सर्ग संरक्षणाचे नियमही तुमच्या कागदपत्रांत येतात.

या साइट बसवू नका. कुणाला विकू नका, भेट देऊ नका. कुरिअरने परत पाठवू नका. कलम १० बाहेर पाठवण्यालाही लागू आहे. आणि नदीत फेकू नका. पुरावा नाहीसा करणं हा भारतीय न्याय संहितेच्या कलम २३८ खाली स्वतंत्र गुन्हा आहे, आणि आज ज्यात फार तर निष्काळजीपणा दिसतो त्यात उद्या लबाडी दिसू लागेल. दोन्ही साइट एका पाकिटात घालून बाजूला ठेवा. मेहुण्याच्या प्रवासाची तारीख, खरेदीची पावती, तुमच्यातले निरोप, सगळं जपून ठेवा. ही कागदपत्रं आणि वस्तू घेऊन फौजदारी काम करणाऱ्या स्थानिक वकिलाकडे जा. सीमाशुल्क अधिकाऱ्यांकडे स्वतःहून जमा करायच्या का आणि कोणत्या शब्दांत, हे वकिलाला सगळे कागद बघून ठरवू द्या. त्याआधी भावनेच्या भरात कुठेही कबुलीची पत्रं लिहू नका.

लेथवाल्याशी बसून गोष्ट जुळवायचा मोह होईल. पुसायला दिली होती, विसरून राहिली होती, असलं काही. ते करू नका. खरी हकीगत साधी आहे : नजर कमी झाली, माहीत नव्हतं, कळल्यावर त्याच दिवशी परत आणली. हीच तुमची सगळ्यात भक्कम बाजू आहे. कलम ३ च्या गुन्ह्यात खटला चालवायला कलम ३९ प्रमाणे जिल्हादंडाधिकाऱ्यांची पूर्वमंजुरी लागते. म्हणजे कोर्टाच्या आधी एक अधिकारी तुमच्या हेतूचा विचार करणार असतो, आणि त्याच्यासमोर खोटी गोष्ट टिकली नाही की खरीही ऐकली जात नाही. पोलीस तिथे आधीच पोचले असतील तर मात्र माझा पहिला सल्ला मागे घेते : स्लाइड आणायला जाऊ नका, वकिलाला फोन करा.

नूतनीकरणाला चार महिने आहेत, ते पुरेसे आहेत. कायदेशीर मार्गाने जुनीच साइट पुन्हा बसवून घ्या, पावती घ्या, पिस्तूल मूळ स्थितीत आणा आणि मग अर्ज करा. अटींचा भंग झाला तर परवाना निलंबित किंवा रद्द करण्याचा अधिकार कलम १७ देतं. तसं झालंच तर कलम १८ खाली अपील आहे. अर्जात जे विचारलं असेल त्याचं खरं उत्तर द्या. नूतनीकरण झालेला परवाना आता पाच वर्षं चालतो. ती पाच वर्षं खोट्या जबाबाच्या धास्तीत काढण्यात अर्थ नाही.

राहिली ती धूसर माशी, जिच्यापासून हे सगळं सुरू झालं. पन्नाशीनंतर हाताच्या अंतरावरची वस्तू अस्पष्ट दिसणं ही डोळ्याच्या भिंगाची गोष्ट आहे. नेत्रतज्ज्ञाला सांगा की साधारण ६० ते ७० सेंटिमीटरवर काळ्या कडेची बारीक वस्तू स्पष्ट दिसायला हवी. वाचायचा चष्मा त्यासाठी फार जवळचा असतो. हात लांब करून डोळ्यापासून माशीपर्यंतचं अंतर आधी घरी कुणाकडून तरी मोजून घ्या, पिस्तुलाऐवजी हातात एखादी पट्टी धरून. आणि माशीच्या मागच्या बाजूला, तुमच्या डोळ्यांना दिसते त्या पृष्ठावर, भडक नारिंगी किंवा पांढऱ्या रंगाचा एक ठिपका द्या. तो धातू कापत नाही, काही काढत नाही, थिनरने पुसला जातो, आणि त्यासाठी पिस्तुलाचा कुठलाही भाग तुमच्या हातून दुसऱ्याच्या हातात जात नाही.