वर्गात हरवणारी मुलगी

प्रश्न : मुलगी 7 वर्षांची. बोलता बोलता थांबते, शून्यात बघते आणि लगेच पुन्हा सुरू होते. बाई म्हणतात, लक्ष नसतं. खरंच तसं असेल?

उत्तर : तंद्री लागलेलं मूल खांद्याला हात लावला की भानावर येतं. ती तरीही तशीच राहत असेल, पापण्या फडफडत असतील आणि 5 ते 15 सेकंदांनी काही घडलंच नाही अशी वागत असेल, तर ही ‘अॅबसन्स’ प्रकारची फिट असू शकते. दिवसात अनेकदा येते, म्हणून धड्याचे तुकडे निसटतात. आळशीपणाचा शिक्का मात्र फुकटचा. मोबाइलवर व्हिडिओ काढून बालमेंदूतज्ज्ञांना दाखवा. ईईजी (मेंदूतल्या विद्युत लहरींचा आलेख) काढताना सुमारे 3 मिनिटं जोरजोरात श्वास घ्यायला लावतात, त्यात झटका बहुधा पकडला जातो. आणि दुसऱ्याची फिटची गोळी हिला नको: कार्बामाझेपिनने हा प्रकार उलट वाढू शकतो.