परीक्षा कन्फ्यूशियसची, नोकरी बादशहाची

प्रश्न: जुन्या चीनमध्ये अधिकारी व्हायला कन्फ्यूशियसचे ग्रंथ पाठ लागत म्हणे. मग वशिला चालत नसे?

उत्तर: तो रोखायची व्यवस्था कडक होती. मिंग आणि छिंग या राजघराण्यांच्या काळात (१३६८ ते १९१२) प्रांतिक परीक्षा दर ३ वर्षांनी, ३ सत्रांत होई. प्रत्येक उमेदवार वेगळ्या कोठडीत बसे. काळ्या शाईतल्या उत्तरपत्रिकेवरचं नाव झाकून कारकून ती लाल शाईने उतरवून काढत. परीक्षकापुढे ही लाल नक्कलच जाई, म्हणजे हस्ताक्षरही ओळखू येऊ नये. तरी कॉपी चालेच, अगदी कपड्यांवर बारीक अक्षरांत लिहून!

खरं दुखणं अभ्यासक्रमात होतं. १३१३ मध्ये ‘चार ग्रंथ’ म्हणून ओळखले जाणारे कन्फ्यूशियस परंपरेचे मूळ ग्रंथ आणि त्यांवरचं बाराव्या शतकातल्या चू शी या तत्त्वज्ञाचं भाष्य प्रमाण ठरलं. पुढे निबंधही आठ भागांच्या ठरीव साच्यात लिहावा लागे. पिढ्यान्‌पिढ्या हुशार मुलं तो साचाच घोटत बसली. १९०५ मध्ये परीक्षा बंद झाली.